बोअर युद्ध : तह कोणाचा आणि भुर्दंड कोणाला?

(रेल्वे व टपाल कामगारांच्या अभ्यासवर्गात केलेल्या भाषणाचा मजकूर)



अभ्यासवर्गात आपण एरवी वेतन आयोग, बोनस, कामाचे तास, रिक्त जागा अशा विषयांवर बोलतो. या वेळी आम्ही सव्वाशे वर्षांपूर्वीचे एक युद्ध निवडले आहे. त्याला बोअर युद्ध म्हणतात. ११ ऑक्टोबर १८९९ ते ३१ मे १९०२ अशी अडीच वर्षांहून अधिक काळ ही लढाई दक्षिण आफ्रिकेत चालली. एका बाजूला ब्रिटिश साम्राज्य, तर दुसऱ्या बाजूला तिथे अडीचशे वर्षांपूर्वी जाऊन स्थायिक झालेले गोरे शेतकरी. विषय जाहीर झाल्यावर काही साथींनी विचारले, की गोऱ्या-गोऱ्यांच्या या भांडणाशी आपला काय संबंध?

संबंध आहे, आणि तो नुसता पुस्तकी नाही. या युद्धाच्या आधीचा मोठा तंटा रेल्वेच्या भाड्यावरून झाला. पहिली चकमक आगगाडीवरच्या हल्ल्याने झाली. सगळी फौज एकेरी मार्गावर जगली, आणि बायकामुलांच्या छावण्याही रुळाच्या कडेनेच उभ्या राहिल्या. वेढ्यात सापडलेल्या एका गावाची हकीकत टपाल खात्यातल्या एका जुन्या नोकराने लिहून ठेवली. या युद्धाला रेल्वे आणि टपाल कामगारांचे युद्ध म्हणावे इतका आपला त्यात भाग आहे. तरीही त्याच्या शेवटी जो तह झाला, त्यात कामगार कुठेच नव्हता. आज बोलायचे आहे ते या तहाविषयी. पण तहापर्यंत पोहोचायचे तर मुळापासून निघावे लागेल.

भांडण कशाचे होते?

बोअर या डच शब्दाचा अर्थ शेतकरी. १६५२ साली डच ईस्ट इंडिया कंपनीने आफ्रिकेच्या दक्षिण टोकाला केप येथे एक ठाणे वसवले. पूर्वेकडे येणाऱ्या जहाजांना ताजे पाणी, भाजी, मांस मिळावे एवढाच त्याचा उद्देश. पण ठाण्याची वसाहत झाली, वसाहतीला जमीन लागली आणि जमिनीवर राबायला माणसे लागली. जमीन तिथल्या मूळ रहिवाशांची घेतली. राबायला गुलाम आणले, त्यांत आपल्या बंगालमधून आणि मलबारकडून नेलेलेही होते.

१८०६ साली इंग्रजांनी केप कायमचा ताब्यात घेतला. १८३४ साली गुलामगिरी बंद झाली. इंग्रजांचा अंमल आणि गुलामांची सुटका, दोन्ही बोअरांना रुचले नाही. १८३५ पासून हजारो कुटुंबे बैलगाड्या जोडून उत्तरेला गेली, तिथल्या आफ्रिकी लोकांशी लढली आणि त्यांनी आपली दोन प्रजासत्ताके स्थापन केली, ट्रान्सवाल आणि ऑरेंज फ्री स्टेट. नाव प्रजासत्ताक, पण प्रजा म्हणजे फक्त गोरी. हे आधीच सांगून ठेवतो. साम्राज्याशी लढणारा प्रत्येक जण गरिबाचा कैवारी असतो असा आपला समज असतो, आणि बोअरांच्या शौर्याच्या गोष्टी ऐकताना तो आणखी बळावतो. बोअर शूर होते यात शंका नाही. १८८१ साली माजुबाच्या डोंगरावर त्यांनी इंग्रजांना धूळ चारली होती. पण स्वतःच्या स्वातंत्र्यासाठी लढणारा माणूस दुसऱ्याच्या स्वातंत्र्याचा वैरी असू शकतो, हे या इतिहासात पानोपानी दिसते.

१८८६ साली ट्रान्सवालमध्ये विटवॉटर्सरँड येथे सोने सापडले आणि चित्र पालटले. दहा-बारा वर्षांत जगातल्या सोन्याचा सुमारे चौथा हिस्सा एकट्या ट्रान्सवालातून निघू लागला. माळरानावर जोहान्सबर्ग शहर उभे राहिले. हे सोने नदीच्या वाळूत चाळून मिळणारे नव्हते. ते खोल खडकात होते, आणि एका टनामागे अगदी थोडे निघायचे. त्यासाठी मोठे भांडवल, यंत्रे, सुरुंगाची दारू, कोळसा आणि मुख्य म्हणजे अत्यंत स्वस्त मजूर पाहिजे होता. युद्धाच्या तोंडावर या खाणींत सुमारे एक लाख आफ्रिकी मजूर काम करीत होते.

खाणमालक बहुतेक इंग्रजी भांडवलाचे. सरकार बोअर शेतकऱ्यांचे, त्याचे अध्यक्ष पॉल क्रुगर. मालकांच्या तक्रारी काय होत्या? सुरुंगाच्या दारूची मक्तेदारी सरकारने एकाच कंपनीला दिली, ती महाग पडते. रेल्वेचे भाडे महाग पडते. मजूर पुरेसा आणि स्वस्त मिळत नाही. बाहेरून आलेल्या गोऱ्यांना मतदानाचा हक्क नाही, ही तक्रार जाहीर सभांतून मांडली जाई. हिशेबाच्या वहीत पहिल्या तीन होत्या.

रेल्वेचा तंटा

रेल्वेची गोष्ट जरा खुलासेवार सांगतो, कारण ती आपल्या धंद्याची आहे. जोहान्सबर्गला समुद्रावरून माल आणायला तीन मार्ग होते. एक इंग्रजांच्या केप वसाहतीतून, तो १८९२ मध्ये पोहोचला. दुसरा इंग्रजांच्याच नाताळ वसाहतीतून, डरबान बंदरावरून. तिसरा पोर्तुगीजांच्या डेलागोआ उपसागरातून, म्हणजे आजच्या मोझांबिकमधल्या मापुतोहून. हा तिसरा मार्ग क्रुगरच्या मर्जीतला. तो एका डच रेल्वे कंपनीने बांधला आणि १८९५ मध्ये त्याचे थाटात उद्घाटन झाले. इंग्रजांच्या बंदरावर अवलंबून राहायचे नाही, हा क्रुगरचा हिशेब होता.

केपच्या मार्गाचा शेवटचा सुमारे ५० मैलांचा तुकडा, व्हाल नदीपासून जोहान्सबर्गपर्यंतचा, याच डच कंपनीच्या ताब्यात होता. माल आपल्या नव्या मार्गाने यावा म्हणून कंपनीने या तुकड्याचे भाडे जवळजवळ तिपटीने वाढवले. मग केपच्या व्यापाऱ्यांनी काय केले? नदीच्या अलीकडे वाघिणी रिकाम्या केल्या आणि माल बैलगाड्यांत भरून नदीच्या उतारांतून जोहान्सबर्गला नेऊ लागले. आगगाडीला बैलगाडी भारी पडली! यावर १८९५ च्या ऑक्टोबरात क्रुगरने ते उतारच बंद केले. इंग्रज सरकारने युद्धाची धमकी दिली, तेव्हा ते खुले झाले. मालभाड्यावरून दोन राज्ये युद्धाच्या उंबरठ्यावर आली होती.

त्याच वर्षाच्या डिसेंबरअखेर केपचे पंतप्रधान आणि मोठे खाणमालक सेसिल ऱ्होड्स यांच्या कटातून जेमसन नावाच्या त्यांच्या माणसाने काही शे स्वार घेऊन ट्रान्सवालवर छापा घातला. तो फसला आणि ऱ्होड्स यांना पंतप्रधानपद सोडावे लागले. पण जे खासगी टोळीला जमले नाही ते पुढे चार वर्षांनी साम्राज्याने सरकारी फौजेनिशी केले.

रुळावरची लढाई

युद्ध पुकारले गेले ११ ऑक्टोबर १८९९ रोजी. दुसऱ्याच रात्री मॅफेकिंगच्या दक्षिणेला क्रायपान येथे बोअरांनी रूळ उखडून एक चिलखती गाडी घसरवली आणि ताब्यात घेतली. बोअरांनी ज्या तीन गावांना वेढे घातले ती लेडीस्मिथ, किंबर्ली आणि मॅफेकिंग ही तिन्ही रेल्वेवरचीच.

नाताळमध्ये १५ नोव्हेंबरला दुसरी एक चिलखती गाडी सापळ्यात सापडली. तिच्यात विन्स्टन चर्चिल नावाचा तरुण बातमीदार होता. तो कैद झाला, पुढे तुरुंगातून पळाला आणि मालगाडीत लपून पोर्तुगीज हद्दीत पोहोचला. या पराक्रमावर त्याची राजकीय कारकीर्द उभी राहिली. पण त्या गाडीचा ड्रायव्हर चार्ल्स वॅग्नर डोक्याला तोफगोळ्याची कपची लागून रक्तबंबाळ झालेला असताना पुन्हा इंजिनावर चढला. फायरमन स्ट्युअर्टबरोबर त्याने घसरलेल्या वाघिणींना धक्के देऊन वाट मोकळी केली आणि जखमी सैनिकांना घेऊन इंजिन सुखरूप मागे नेले. या दोघांना पदक मिळाले ते १९१० साली, चर्चिल गृहमंत्री झाल्यावर. चर्चिलचे नाव जगाला पाठ आहे. वॅग्नरचे नाव आज या सभेत किती जणांनी पहिल्यांदा ऐकले?

सुरुवातीला इंग्रजांचे सपाटून पराभव झाले. डिसेंबर १८९९ मध्ये एकाच आठवड्यात तीन ठिकाणी. मग त्यांनी सगळ्या साम्राज्यातून फौज ओतली. युद्ध संपेपर्यंत साडेचार लाखांच्या आसपास सैनिक त्यांनी उतरवले. बोअर सगळे मिळून लाखाच्या आतच होते. एवढ्या फौजेचे दाणापाणी, दारूगोळा आणि घोडे साडेतीन फुटी गेजच्या एकेरी मार्गावरून जायचे होते. आपल्या साडेपाच फुटी ब्रॉडगेजवर ज्यांनी गाड्या चालवल्या त्यांना कळेल, की सिंगल लाइनवर, क्रॉसिंग स्टेशने मोजकी असताना, पूल उडवले जात असताना रोज गाड्या काढणे म्हणजे काय. जिरुआर्ड नावाचा कॅनडाचा इंजिनिअर अधिकारी या कामावर होता. त्याचे नाव इतिहासात आहे. उखडलेले रूळ रात्रीत पुन्हा घालणाऱ्या गँगांत हजारो आफ्रिकी मजूर होते. त्यांची नावे नाहीत.

डच कंपनीच्या नोकरांचे काय झाले? १९०० साली इंग्रजांनी ट्रान्सवालची रेल्वे ताब्यात घेतली आणि जुन्या मालकाशी इमान राखणाऱ्या शेकडो नोकरांना बायकामुलांसह युरोपात परत धाडले. आणि खाणींतले मजूर? युद्ध सुरू होताना खाणी बंद पडल्या, गाड्या लष्कराने अडवल्या. तेव्हा जोहान्सबर्गहून सुमारे सात हजार झुलू कामगार नाताळमधल्या आपल्या घरी पायी चालत गेले. ज्या शहरातून जगभर सोने गेले, तिथल्या कामगाराला घरी जायला गाडी मिळाली नाही. २०२० साली टाळेबंदीत आपल्या देशातले मजूर रुळाच्या कडेने चालत गेले ते आपण पाहिले आहे. जास्त बोलायला नको.

टपालवाल्या साथींसाठीही सांगतो. मॅफेकिंगच्या वेढ्यात गावापुरती टपाल तिकिटे छापली गेली होती. सायकलवरून टपाल वाटणाऱ्या मुलांच्या पथकातल्या एका पोराचे चित्र त्यांतल्या एका तिकिटावर आहे. आणि ७ जून १९०० रोजी रूडेवाल स्टेशनावर बोअर सेनापती डी वेट याने इंग्रजांचा साठा लुटला तेव्हा दारूगोळा आणि कपड्यांबरोबर सैनिकांच्या टपालाच्या थैल्यांचा ढीगही पेटवला. कोणाच्या आईची पत्रे असतील, कोणाच्या बायकोची. टपाल हाताळणाऱ्यालाच त्याचे वजन ठाऊक.

छावण्या

जून १९०० मध्ये ट्रान्सवालची राजधानी प्रिटोरिया पडली. युद्ध संपले असे इंग्रजांना वाटले. पण बोअर गनिमी काव्याने लढू लागले. हा शब्द मराठी माणसाला समजावून सांगावा लागत नाही. छोट्या तुकड्या, चपळ घोडी, रूळ उखडायचे, गाडी उडवायची आणि पसार व्हायचे. इंग्रज सेनापती लॉर्ड रॉबर्ट्स याने जाहीरनामा काढला, की जिथे रूळ तोडले जातील तिथल्या आसपासची घरे जाळली जातील. काही काळ तर गावातल्या प्रतिष्ठित बोअरांना ओलीस म्हणून गाड्यांवर बसवले. पुढे किचनर आला. त्याने रेल्वेच्या कडेने आणि माळरानावरून काटेरी तारा आणि सुमारे आठ हजार छोटी ठाणी बांधली. जवळजवळ ३० हजार शेतघरे जाळली. आणि घरे जाळलेल्या बायकामुलांना रेल्वेजवळच्या छावण्यांत कोंडले.

त्या छावण्यांत गोवर, हगवण, न्यूमोनिया पसरले. एमिली हॉबहाउस नावाची इंग्रज बाई तिथे गेली, तंबूंतून फिरली आणि १९०१ साली तिने आपल्याच देशापुढे ही लाजिरवाणी हकीकत मांडली. तिच्यावर देशद्रोहाचे आरोप झाले, तिला दुसऱ्या खेपेस केपटाऊनला जहाजावरून उतरू दिले नाही. पण तिच्यामुळे चौकशी झाली आणि व्यवस्था काहीशी सुधारली. तोवर उशीर झाला होता. सुमारे २८ हजार बोअर माणसे या छावण्यांत मेली, त्यांत १६ वर्षांखालची मुले २२ हजार.

हा आकडा जगाला ठाऊक आहे, कारण बोअरांनी त्याची स्मारके बांधली. आता दुसरा आकडा ऐका. शेतांवर राबणारे आफ्रिकी लोकही त्यांच्या झोपड्यांतून उठवून वेगळ्या छावण्यांत टाकले होते. युद्ध संपताना अशा छावण्यांत १ लाख १५ हजारांच्या आसपास माणसे होती. पुरुषांना लष्कराच्या आणि रेल्वेच्या कामाला लावले. बायकामुलांनी रुळाशेजारची जमीन कसून स्वतःचे धान्य पिकवायचे, नाहीतर विकत घ्यायचे. तिथे १४ हजारांवर मृत्यूंची नोंद सापडते, आणि अभ्यासकांच्या मते खरा आकडा २० हजारांपेक्षा कमी नाही. त्यांची दखल घ्यायला ऐंशी-नव्वद वर्षे लागली. ते कोणाच्याच बाजूचे नव्हते. सुक्याबरोबर ओले जळते म्हणतात. इथे जळाले ते कोणी मोजलेही नाही.

ज्याने हे जवळून पाहिले आणि लिहून ठेवले, तो सोल प्लाटकी. किंबर्लीच्या टपाल कचेरीत तो संदेशवाहक आणि पत्रे वाटणारा होता. पुढे मॅफेकिंगच्या कोर्टात दुभाषी झाला आणि तिथेच वेढ्यात अडकला. वय अवघे तेवीस. गावात गोऱ्यांच्या शिध्यापेक्षा आफ्रिकींचा शिधा कसा कमी होता, भुकेने माणसे कशी पडत होती, हे त्याने आपल्या रोजनिशीत लिहिले. ती रोजनिशी छापून जगापुढे यायला १९७३ साल उजाडले. प्लाटकीचे नाव लक्षात ठेवा, पुढे पुन्हा येणार आहे.

आपली माणसे कुठे होती?

दक्षिण आफ्रिकेत १८६० पासून गिरमिटिया म्हणून भारतीय मजूर गेले होते. ते उसाच्या मळ्यांत, कोळशाच्या खाणींत आणि नाताळच्या सरकारी रेल्वेतही राबत. गिरमीट संपले की एकतर परत जा, नाहीतर दरवर्षी माणशी ३ पौंड कर भरा, असा कायदा नाताळने १८९५ साली केला होता.

युद्ध सुरू होताच गांधीजींनी भारतीयांचे रुग्णपथक उभे केले. त्यांनी पुढे लिहिले आहे, की मनातून सहानुभूती बोअरांकडे होती. पण साम्राज्याचे नागरिक म्हणून हक्क मागायचे तर संकटात कर्तव्यही केले पाहिजे, असा त्यांचा विचार. सुमारे अकराशे माणसे उभी राहिली, त्यांत आठशेच्या आसपास गिरमिटिये. स्पिऑन कॉपच्या लढाईत त्यांनी डोल्या खांद्यावर घेऊन जखमींना मैलोन्मैल वाहून नेले. लेडीस्मिथच्या वेढ्यात प्रभुसिंग नावाचा एक गिरमिटिया झाडावर बसून राही. डोंगरावरची बोअरांची तोफ पेटली की तो घंटा वाजवी आणि गावातली माणसे आडोशाला पळत. लॉर्ड कर्झनने त्याच्यासाठी मानाचा अंगरखा पाठवला. अंगरखा मिळाला, ३ पौंडांचा कर तसाच राहिला.

भारतातून हिंदी शिपायांना लढायला नेले नाही, कारण हे गोऱ्यांचे युद्ध आहे असे ठरले होते. पण भारतातून गेलेल्या गोऱ्या पलटणींबरोबर भिस्ती, सईस, नालबंद, डोलीवाले गेले. त्यांतले जे तिकडे मेले त्यांचा एक स्तंभ जोहान्सबर्गला उभा आहे. उलट तिकडचे बोअर कैदी इकडे आणले. आपल्या अहमदनगरच्या, म्हणजे आताच्या अहिल्यानगरच्या किल्ल्यातही ते होते. त्याच किल्ल्यात १९४२ साली नेहरू, पटेल, आझाद यांना ठेवले गेले.

ट्रान्सवालमध्ये हिंदी लोकांना वाईट वागवतात, ही गोष्ट मनाला फार लागते, असे ब्रिटिश मंत्री लॉर्ड लॅन्सडाउन यांनी युद्धाच्या वेळी भाषणात सांगितले होते. पण त्याच १८९९ सालच्या मे महिन्यात इकडे आपल्या जी. आय. पी. रेल्वेच्या सिग्नलरांना संप करावा लागला होता आणि 'केसरी'ला त्यांची बाजू घ्यावी लागली होती. तेव्हा राज्यकर्त्याचा कळवळा कोणासाठी आणि कुठपर्यंत असतो, हे आपल्या धंद्यातल्या माणसांना तेव्हाच कळले होते.

तह

आता मुख्य गोष्ट. ३१ मे १९०२ रोजी तह झाला. फ्रेनिखिंग या गावी बोअर प्रतिनिधींनी अटी मान्य केल्या आणि प्रिटोरियात सह्या झाल्या. बोअरांनी शस्त्रे ठेवायची, राजाला मानायचे. बदल्यात इंग्रजांनी जळालेली घरे-शेते उभारायला ३० लाख पौंड द्यायचे, डच भाषेला जागा ठेवायची, पुढे स्वराज्य द्यायचे. आणि आठवे कलम असे, की मूळ रहिवाशांना मताधिकार द्यायचा की नाही, हा प्रश्न स्वराज्य मिळाल्यानंतरच विचारात घेतला जाईल. म्हणजे तो निर्णय गोऱ्यांच्या हाती. अडीच वर्षे एकमेकांची घरे जाळणारे दोन्ही पक्ष या एका कलमावर भांडले नाहीत.

काळ्या माणसाने तर दोन्हीकडून काम केले होते. इंग्रजांकडे गाडीवान, हेर, गँगमजूर मिळून लाखभर, त्यांतले किमान दहा हजार हत्यारबंद. बोअरांकडेही हजारो नोकर. इंग्रज जिंकले तर आपल्याला न्याय मिळेल अशी पुष्कळांची आशा होती. मिळाले काय? खाणी पुन्हा सुरू झाल्या तेव्हा आफ्रिकी मजुराची मजुरी युद्धापूर्वीच्या मानाने जवळजवळ एक तृतीयांश कापलेली होती. मजुरांनी पाठ फिरवली, तर १९०४ पासून चीनमधून ६० हजारांवर मजूर करारावर आणले. हिंदी लोकांविरुद्धचे ट्रान्सवालचे जुने कायदे इंग्रजांनी बोअरांपेक्षा कडकपणे राबवले. १९०६ साली नवा नोंदणीचा कायदा आणला, आणि त्याच्याविरुद्ध ११ सप्टेंबरला जोहान्सबर्गच्या सभेत जी शपथ घेतली गेली तिच्यातून सत्याग्रह जन्मला.

१९१० साली सगळे मिळून एक राज्य झाले. पंतप्रधान कोण? कालचे बोअर सेनापती लुई बोथा. त्यांचे उजवे हात, यान स्मट्स. १९१३ साली जमिनीचा कायदा झाला, आणि देशातली अवघी ७ टक्के जमीन आफ्रिकींसाठी उरली. त्याविरुद्ध दाद मागायला १९१४ साली लंडनला शिष्टमंडळ गेले, त्यात सोल प्लाटकी होता. आज ज्याला आफ्रिकन नॅशनल काँग्रेस म्हणतात तिचा तो पहिला सरचिटणीस. टपाल खात्यातून निघालेला माणूस संघटनेचा सचिव झाला! लंडनने त्याला रिकाम्या हाती परत पाठवले.

आपले गोपाळ कृष्ण गोखलेही १९१२ साली तिकडे गेले होते. सरकारने त्यांना प्रवासाला रेल्वेचा खास सलून दिला. बोथा आणि स्मट्स यांना भेटून ते बाहेर आले ते ३ पौंडांचा कर जाणार अशा खात्रीने. पुढे सरकारने असे वचन दिलेच नाही म्हणून कानांवर हात ठेवले. मग १९१३ मध्ये न्यूकॅसलच्या कोळसा खाणींतले गिरमिटिये संपावर गेले, दोन हजारांवर माणसे बायकामुलांसह ट्रान्सवालच्या हद्दीत चालत गेली, संप मळ्यांत आणि रेल्वेत पसरला. १९१४ साली कर रद्द झाला. सलूनमधल्या बोलण्यांनी जे झाले नाही ते संपाने झाले. गोखल्यांची योग्यता यात कमी होत नाही. पाठीशी संघटित कामगार नसला की थोर माणसाच्या शब्दालाही किंमत राहत नाही, एवढेच.

गोऱ्या कामगारांचे काय झाले?

कोणी म्हणेल, निदान गोऱ्या कामगारांचा तरी फायदा झाला असेल. पाहू. जानेवारी १९१४ मध्ये रेल्वेतल्या नोकरकपातीविरुद्ध गोऱ्या रेल्वे कामगारांनी संप केला. स्मट्स यांनी लष्करी कायदा पुकारला, हजारो बोअर स्वार बोलावले आणि नऊ कामगार पुढाऱ्यांना खटल्याशिवाय जहाजात घालून इंग्लंडला हद्दपार केले. या संपात सरकार अडचणीत आहे म्हणून गांधीजींनी आपला नियोजित मोर्चा पुढे ढकलला होता, हेही नमूद करतो.

१९२२ साली खाणमालकांनी महागड्या गोऱ्यांच्या जागी स्वस्त काळे मजूर घ्यायचे ठरवले तेव्हा गोरे कामगार पुन्हा उठले. पण झेंड्यावर घोषणा काय लिहिली? जगातल्या कामगारांनो, गोऱ्या दक्षिण आफ्रिकेसाठी एक व्हा! कामगारांच्या एकजुटीची घोषणा अशी विटाळली गेली. स्मट्स यांनी विमानांतून बॉम्ब टाकले, दोनशेच्या आसपास माणसे मेली. १९२४ नंतर नव्या सरकारने गोऱ्या कामगाराला शांत केले ते रेल्वेतून काळ्या मजुरांना काढून त्या जागा गरीब गोऱ्यांना देऊन. नोकरी मिळाली, पण संघटनेची ताकद गेली. दुसऱ्याच्या ताटातला घास ज्याच्या मेहेरबानीने मिळतो, त्याच्याविरुद्ध कोण उभा राहणार?

हा गुंता सुटायला किती वर्षे लागली? १९८७ साली त्याच रेल्वेत एका काळ्या ड्रायव्हरने ४० रँडचा भरणा उशिरा केला म्हणून त्याला कामावरून काढले. त्याच्या पाठीशी हजारो काळे रेल्वे कामगार संपावर गेले. गोळीबार झाला, माणसे मेली, हजारोंना बडतर्फ केले. जवळजवळ तीन महिने ते हटले नाहीत, आणि शेवटी व्यवस्थापनाला त्यांना परत घ्यावे लागले. १९९४ च्या एप्रिलमध्ये त्यांनी पहिल्यांदा मत दिले. आठव्या कलमाने पुढे ढकललेला प्रश्न सुटायला ९२ वर्षे लागली.

आपण काय घ्यायचे?

साथींनो, आम्ही मॅट्रिकपर्यंत शिकलेली माणसे, मोठे सिद्धांत सांगत नाही. पण वाटाघाटीच्या टेबलावर बसलेलो आहोत. दोन पक्ष थकले, की ते अशा मुद्द्यावर तडजोड करतात ज्याची झळ त्यांच्यापैकी कोणालाच लागणार नसते. ती लागते टेबलाशी नसलेल्या तिसऱ्याला. फ्रेनिखिंगला हेच झाले.

आज आपल्या स्टेशनांवर सफाई करणारा, गाड्यांत जेवण देणारा, रुळांवर ठेकेदाराकडून काम करणारा कंत्राटी कामगार आहे. खेड्यापाड्यांत पत्रे आणि मनिऑर्डरी पोहोचवणारा ग्रामीण डाक सेवक आहे. तो आपल्याच टपालाची थैली वाहतो, पण खात्याचा नियमित कर्मचारी गणला जात नाही. आपण करारावर सही करतो तेव्हा हे लोक कुठे असतात? "कायम कामगारांचे आधी पाहू, यांचे नंतर बघू," असे वाक्य आपल्या बैठकांत ऐकू येते. ते आठव्या कलमाचेच मराठी भाषांतर आहे. आणि त्याचे फळ काय, ते १९१४ च्या आणि १९२२ च्या गोऱ्या कामगारांना विचारा. बाहेर ठेवलेला स्वस्त कामगार हेच मालकाचे आपल्याविरुद्धचे हत्यार होते.

म्हणून प्रत्येक शाखेला आमची विनंती आहे. पुढच्या मागणीपत्राच्या मसुद्याला बसाल तेव्हा आपल्या डेपोतल्या, स्टेशनातल्या, टपाल कचेरीतल्या एका तरी कंत्राटी कामगाराला आणि एका तरी ग्रामीण डाक सेवकाला बैठकीत बोलवा. त्याला मागे उभे करू नका, खुर्ची द्या. त्याची मागणी शेवटच्या कलमात टाकू नका, पहिल्या पानावर घ्या. त्याने काय सांगितले ते या मासिकाकडे लिहून पाठवा, आपण छापू.

एवढे बोलून आम्ही आपली रजा घेतो. आता प्रश्न विचारा.